कुकीवरची तपकिरी खूण

दिल्लीत थंडी पडू लागली की संध्याकाळच्या बाजारात नानकटाईच्या हातगाड्या दिसू लागतात. खाली निखारे, त्यावर तवा, तव्यावर झाकण आणि झाकणावर पुन्हा निखारे. तुपाचा आणि वेलचीचा वास नाकात शिरला की घरी ओव्हन असणाऱ्यांचेही पाय थांबतात. पण हल्लीच्या मुलांना नानकटाई म्हणजे आजी-आजोबांचा खाऊ वाटतो. त्यांना हवी असते चॉकलेट मार्शमॅलो कुकी. खाली कोकोची खुसखुशीत बिस्किटासारखी चकती, तिच्यावर पांढराशुभ्र, मऊ मार्शमॅलो आणि त्यावर चॉकलेटची पातळ झूल.

खरे तर या दोघींचे माहेर फार लांब नाही. कुकी हा शब्द डच भाषेतून इंग्रजीत आला आणि नानकटाईची कूळकथाही सुरतेतल्या डच लोकांच्या बेकरीपाशी जाते. डच निघून गेले, बेकरी पारशी कारागिराच्या हाती आली आणि पुढे अंडे व ताडी वगळून आपल्याकडच्या गिऱ्हाइकांना चालेल अशी नानकटाई रूढ झाली, असे सांगतात. म्हणजे खाणाऱ्याला काय चालते ते पाहून जिन्नस बदलणे, हे आपल्याकडच्या भट्टीला नवीन नाही.

हे सगळे आठवण्याचे कारण माझी आठ वर्षांची लेक. आम्ही मुनिरकाच्या डीडीए फ्लॅट्समध्ये राहतो. एका बाजूला जुने मुनिरका गाव, त्याच्या अरुंद गल्ल्यांतून भाड्याने राहणारी ईशान्य भारतातली आणि बाकी देशभरातली तरुण मुले, पलीकडे जेएनयू. आमच्या शेजारच्या फ्लॅटमध्ये एक मणिपुरी नर्स राहते. तिच्याकडे नाताळात लेकीने ही कुकी खाल्ली आणि तेव्हापासून एकच धोशा लावला, "आई, आपण घरी करू या ना. आणि पहिली कुकी आजीला!"

आजी म्हणजे माझ्या सासूबाई. पंढरपूरजवळच्या गावच्या. गळ्यात तुळशीची माळ, महिन्याच्या दोन्ही एकादश्या, अंडे तर सोडाच, कांदा-लसूणही चातुर्मासात बंद. सासरे गेल्यापासून थंडीचे दोन-तीन महिने त्या आमच्याकडे येऊन राहतात. दिल्लीत त्यांना बोलायला माणूस मिळत नाही, म्हणून नात हाच त्यांचा सगळा विरंगुळा. नातीने स्वतःच्या हाताने काही करून द्यावे आणि आजीने ते नाकारावे, हे दोघींनाही जड गेले असते.

मार्शमॅलो आणायला आम्ही आयएनए मार्केटात गेलो. परदेशी खाण्याच्या वस्तू तिथे हमखास मिळतात. पाकीट उलटे करून पाहिले तर तपकिरी खूण. आपल्याकडे मांसाहारी घटक असलेल्या पाकीटबंद पदार्थांवर ही खूण छापण्याची सक्ती २००१ साली झाली, त्यापाठोपाठ शाकाहारी पदार्थांसाठी हिरव्या ठिपक्याचीही. तपकिरी ठिपक्याच्या जागी नव्या नियमांनुसार आता त्रिकोण आला आहे. रंगांत फरक न करू शकणाऱ्यांनाही तो ओळखता यावा, हा त्यामागचा हेतू.

"पण यात मटण कुठे आहे?" लेकीने विचारले. प्रश्न रास्त होता. मार्शमॅलोत असते जिलेटिन. जनावरांच्या कातडी-हाडांत कोलॅजन नावाचे प्रथिन असते, ते पाण्यात शिजवून जिलेटिन काढतात. ना रंग, ना वास. पण साखरेच्या पाकात घालून घुसळले की ते हवेचे बुडबुडे पकडून ठेवते. शिवाय ते आपल्या अंगाच्या उष्णतेलाच वितळते, म्हणून मार्शमॅलो जिभेवर ठेवताच विरघळतो. गंमत म्हणजे मुळात हा पदार्थ एका झुडपाचा होता. मार्शमॅलो हे त्या झुडपाचेच इंग्रजी नाव. युनानी औषधांत त्याला खतमी म्हणतात आणि सर्दी-खोकल्याच्या जोशांद्यात ते पडते. त्याच्या मुळाचा चिकट रस साखरेत घुसळून फ्रान्समधले मिठाईवाले ही मिठाई करत. मुळाचा रस काढणे वेळखाऊ, म्हणून एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस त्याच्या जागी जिलेटिन आले. झुडूप गेले, नाव तेवढे राहिले.

घरी आल्यावर आमच्याकडे जे झाले ते बऱ्याच घरांत होत असेल. ह्यांचे म्हणणे, "आईला सांगायचंच कशाला? तिला काय कळणार आहे? बिचारी पोर किती दिवस मागे लागली आहे." वर मला इतिहासाचा दाखलाही मिळाला. ऑक्टोबर १८९० मध्ये पुण्याच्या पंचहौद मिशनमध्ये रानडे, टिळक वगैरे मंडळी गेली, तिथे चहा-बिस्किटे पुढे आली, गोपाळराव जोशांनी हजर असलेल्यांची नावे छापून आणली आणि प्रकरण शंकराचार्यांपर्यंत जाऊन प्रायश्चित्ताचा वाद पेटला. "एका बिस्किटावरून तेव्हा पुणं हललं, आता तू मुनिरका हलवणार का?"

दाखला ऐकायला गमतीचा, पण इथे लागू पडत नाही असे मला वाटते. पंचहौदचा वाद बिस्कीट कोणी दिले यावरून होता. सासूबाईंना त्याचे काहीच नाही. शेजारची नर्स ख्रिस्ती आहे आणि तिच्या हातचा बिनदुधाचा चहा त्या आठवड्यातून दोनदा तरी आवडीने पितात. तिने रक्तदाब तपासला की "लेकीसारखी आहे हो" म्हणतात. त्यांचा नेम कोणाच्या हातचे यावर नाही, पदार्थात काय आहे यावर आहे. आणि तो त्यांचा स्वतःचा आहे, कोणावर लादलेला नाही. आपल्याला तो पटो न पटो, सत्तरी ओलांडलेल्या बाईने चाळीस वर्षे पाळलेली गोष्ट तिच्या नकळत मोडण्याचा अधिकार सुनेला नाही आणि मुलालाही नाही. आज कुकीत लपवले तर उद्या माझ्या हातचे काय म्हणून त्यांनी निर्धास्त खावे?

मी रात्रीच त्यांना सगळे सांगितले. त्या शांतपणे म्हणाल्या, "मग पोरीला करू दे. ती खाईल, मी बघीन." ह्यांच्याने राहवले नाही. "आई, तू रोज जी कॅप्सूल घेतेस ना, तिचं कवचही बहुतेक जिलेटिनचंच असतं!" मला वाटले, आता नवेच संकट. दोन मिनिटे त्या बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "औषधाला नेम नाही लागत रे. पण उद्या डॉक्टरांना विचार, त्याची साधी गोळी मिळते का. आणि खाऊ काही औषध नव्हे." विचारले, मिळाली. इतके सोपे होते.

लेक मात्र हिरमुसली. आजीने नुसते बघायचे, ही कल्पनाच तिला मान्य नव्हती. आता हिरव्या ठिपक्याचे मार्शमॅलोही बाजारात मिळतात, पण तिला आता स्वतःच करायचे होते. मग मी शोधाला लागले. चायना ग्रास म्हणजे अगर-अगर, समुद्रशेवाळापासून होणारे. त्याने पदार्थ घट्ट होतो, पण नुसत्या चायना ग्रासची बर्फी होते, मार्शमॅलो नाही. हवा धरणारे काहीतरी हवे. ते सापडले दिल्लीच्या घरोघरी असलेल्या वस्तूत, छोल्यांच्या पाण्यात! काबुली चणे शिजवलेले पाणी अंड्याच्या पांढऱ्यासारखे फेसाळते, ही युक्ती २०१४-१५ च्या सुमारास एका फ्रेंच आणि एका अमेरिकन हौशी माणसाच्या प्रयोगांतून जगभर पसरली. आपण इतकी वर्षे ते पाणी रश्श्यात तरी घालत होतो, नाहीतर मोरीत तरी ओतत होतो.

ज्यांना करून पाहायचे असेल त्यांच्यासाठी प्रमाण सांगते. वाटीभर काबुली चणे रात्रभर भिजवून, मीठ-सोडा न घालता तीन वाट्या पाण्यात कुकरला मऊ शिजवावेत आणि त्याच पाण्यात गार होऊ द्यावेत. दुसऱ्या दिवशी गाळलेले पाणी बोटाला बुळबुळीत लागले पाहिजे. पातळ असेल तर आटवून गार करावे. त्यातले अर्धा कप पाणी, चार थेंब लिंबाचा रस घालून, इलेक्ट्रिक बीटरने आठ-दहा मिनिटे घुसळायचे. भांडे उपडे केले तरी फेस पडता कामा नये. चण्याचा वास येतो म्हणून घाबरू नका, व्हॅनिलाने तो जातो.

तिकडे अर्धा कप पाण्यात दोन चहाचे चमचे चायना ग्रासची पूड उकळून पूर्ण विरघळवावी आणि त्यात २०० ग्रॅम साखर घालून पाक करावा. हा पाक दोनतारीच्या पुढे आणि गोळीबंदच्या किंचित अलीकडे उतरवायचा. इथे माझी गाडी अडायची वेळ आली, कारण परदेशी पद्धतीत त्यासाठी थर्मामीटर सांगितलेला असतो. सासूबाई स्टूल ओढून शेगडीपाशी बसल्या. "तुमचं ते काटे-बिटे राहू दे. वाटीत गार पाणी आण." त्यांनी पाकाचा थेंब पाण्यात टाकला, बोटांनी चाचपला, "अजून नाही" म्हणाल्या. तिसऱ्या थेंबाला गॅस बंद करायला लावला. पन्नास वर्षे तिळाच्या, रव्याच्या लाडवांचा पाक पाहिलेली बोटे ती!

गरम पाक बारीक धारेने फेसात ओतत बीटर चालूच ठेवायचा आणि हात झपाझप चालवायचा. चायना ग्रास चाळीस अंशांच्या आसपास घट्ट होऊ लागते, त्याआधी मिश्रण ताटात गेले पाहिजे. ताटाला पिठीसाखर आणि कॉर्नफ्लॉवर भुरभुरलेले असावे. दोन तासांनी चौकोन कापावेत.

कुकीसाठी ११५ ग्रॅम लोणी आणि १५० ग्रॅम पिठीसाखर फेसून त्यात तीन मोठे चमचे घट्ट दही घालावे. १९० ग्रॅम मैदा, ३० ग्रॅम कोको, अर्धा चहाचा चमचा सोडा आणि चिमूटभर मीठ चाळून त्यात मिसळावे. लिंबाएवढे गोळे करून चपटे करावेत, साधारण चोवीस होतात. १८० अंशांवर दहा-बारा मिनिटे. बाहेर काढताना मऊच असतात, गार झाल्यावर कडक होतात. जिलेटिनचा मार्शमॅलो कुकीवर ठेवून दोन मिनिटे पुन्हा ओव्हनमध्ये फुलवतात, हा मात्र तसा ठेवू नये, त्यातली हवा जाऊन तो बसतो. गार कुकीवर वितळलेल्या चॉकलेटच्या थेंबाने चिकटवावा आणि वरून चॉकलेट ओतावे.

ओव्हनसमोर बसून सासूबाई त्यांच्या गावाकडची गोष्ट सांगत होत्या. मे महिन्यात बायका घरचा रवा-मैदा, तूप, साखर घेऊन बेकरीच्या भट्टीवर जात आणि आपला पत्रा आत गेल्यापासून बाहेर येईपर्यंत तिथेच बसून राहत. "का गं आजी?" "आपलं तूप दुसऱ्याच्या नानकटाईत जायला नको आणि दुसऱ्याचं डालडा आपल्यात!" लेक खो खो हसली.

त्या दिवशी नेमकी एकादशी होती. पाक त्यांनी केला, पण चाखला नाही. लेकीला रात्र काढणे कठीण गेले. द्वादशीला सकाळी आंघोळ करून त्यांनी देव्हाऱ्यातल्या विठोबापुढे ताटलीत एक कुकी ठेवली, चॉकलेटवर तुळशीचे पान ठेवले, डोळे मिटले. मग तीच अर्धी तोडून नातीच्या तोंडात आणि अर्धी आपल्या तोंडात घातली.

"पाक अजून थोडा कमी चालला असता," त्या म्हणाल्या. "आणि साखर जास्त झाली आहे, सुनबाई. पण नानकटाईपेक्षा वाईट नाही हो." मग वाटीत चार कुकी घेऊन, त्यात छोल्यांचे पाणी आहे हे हिंदीत कसे सांगायचे ते मला विचारून, त्या शेजारचे दार वाजवायला गेल्या.