छपराखालचा चौक

आमच्या इंदुरात कोणा पाहुण्यास गाव दाखवावयाचे झाले, की घरातील तरुण मंडळी त्यास मॉलमध्ये नेऊ पाहतात आणि आम्ही वडीलधारे राजवाड्याकडे. या ओढाताणीत कोणाचे बरोबर, याचा निवाडा करण्याची आमची इच्छा नाही. तथापि ज्या इमारतीस आपण मॉल म्हणतो ती मुळात कोणी व कशासाठी उभारली, हे कळले म्हणजे या वादास निराळेच वळण लागते, असे आम्हांस वाटते.

अमेरिकेच्या उत्तर सीमेवर मिनेसोटा नावाचे राज्य आहे. तेथील हिवाळ्यात पारा शून्याखाली वीस अंशांपर्यंतही उतरतो आणि बर्फ महिनोन्महिने हटत नाही. त्या राज्यातील मिनिआपोलिस शहराजवळच्या इडायना या उपनगरात ८ ऑक्टोबर १९५६ रोजी ‘साउथडेल’ हे व्यापारसंकुल उघडले. संपूर्ण छपराखाली असलेला आणि बाराही महिने एकसारख्या हवेत राखलेला हा पहिला मोठा मॉल समजला जातो. डेटन या स्थानिक व्यापारी घराण्याने त्यावर सुमारे दोन कोटी डॉलर खर्च केले. आत ७२ दुकाने, बाहेर सुमारे ५,२०० मोटारी उभ्या करण्याची सोय आणि मधोमध एक प्रशस्त अंगण. त्यास ‘चिरवसंताचे अंगण’ अशा अर्थाचे नाव दिले होते. बाहेर हिमवर्षाव चालला असता आत झाडे हिरवीगार असत आणि २१ फूट उंच पिंजऱ्यात पक्षी किलबिलत.

हे सारे ज्यांनी योजिले ते व्हिक्टर ग्रूएन १९०३ साली व्हिएन्नात जन्मले होते. ज्यू असल्यामुळे नाझींच्या अमलात तेथे राहणे अशक्य झाले आणि १९३८ साली ते अमेरिकेस आले. चौकांच्या व कॉफीगृहांच्या गावात वाढलेल्या या गृहस्थांस अमेरिकेतील उपनगरे सुनी सुनी वाटली. घरे होती, मोटारी होत्या; परंतु सहज पायी निघावे आणि चार ओळखीची माणसे भेटावीत, असे ठिकाण नव्हते. ते ठिकाण त्यांस निर्माण करावयाचे होते. साडेचारशेहून अधिक एकरांच्या त्या जागेवर घरे, शाळा, दवाखाने, बाग, तळे असे एक गावच वसवावे आणि दुकाने त्याच्या मध्यभागी असावीत, असा त्यांचा आराखडा होता.

परमुलखात गेलेला मनुष्य आपले गाव कसेबसे पुन्हा उभे करू पाहतो, हे आपणां बृहन्महाराष्ट्रीयांस समजावून सांगावयास नको. आपल्या पूर्वजांनीही येथे येऊन वाड्यांना चौक ठेवले, गणपती मांडले, ग्रंथालये काढली. ग्रूएन यांची धडपड आम्हांस त्याच जातीची वाटते.

पुढे काय झाले? दुकाने चालली, गाव मात्र राहून गेले. मॉलमुळे आसपासच्या जमिनीचे भाव चढले आणि आराखडा बाजूस पडला. १९५४ साली अमेरिकेच्या करकायद्यात झालेल्या बदलामुळे नव्या इमारतींची घसारा-वजावट लवकर मिळू लागली होती. तेव्हा शहराबाहेरच्या स्वस्त जमिनीवर मॉल बांधणे हा भांडवलदारांस किफायतीचा धंदा वाटला. साउथडेलची नक्कल देशभर झाली, पण नक्कल झाली ती छपराची व दुकानांची. आणलेली यादी विसरून मनुष्य नुसता भुलून हिंडू लागतो, त्या अवस्थेस ‘ग्रूएन ट्रान्स्फर’ असे नाव पडले. ज्याने चौक मागितला, त्याचे नाव भुरळीस चिकटले! ग्रूएन पुढे व्हिएन्नास परतले, तर १९७६ साली त्याच शहराच्या दक्षिणेस एक प्रचंड मॉल उघडला. १९७८ साली लंडनमधील एका भाषणात त्यांनी असल्या संकुलांचे पितृत्व जाहीरपणे नाकारले. १९८० साली ते निवर्तले.

आपल्या देशात ही लाट आली ती मुख्यतः १९९९ नंतर. त्या वर्षी मुंबईत हाजीअलीजवळ ‘क्रॉसरोड्स’ हा मॉल उघडला. गर्दी आवरावी म्हणून तेथे काही काळ मोबाईल फोन वा क्रेडिट कार्ड दाखविणारासच मोकळा प्रवेश असे. इतरांनी पैसे भरावेत. चौकास तिकीट लागल्याचे दुसरे उदाहरण आमच्या ऐकिवात नाही.

मॉलची निंदा करणे सोपे आहे. परंतु मे महिन्याच्या उन्हात म्हाताऱ्या माणसास तेथे गारवा मिळतो, स्त्रियांस स्वच्छ प्रसाधनगृह मिळते आणि मुली निर्धास्तपणे हिंडतात. आपल्या जुन्या बाजारांनी ही सोय फारशी कधी पाहिली नाही, हे मान्य केले पाहिजे. उलट, सराफ्यात दिवसा सोन्याचांदीचा व्यवहार आणि रात्री दुकाने मिटल्यावर त्याच ओट्यांपुढे खाण्याची झुंबड, असा जो दुहेरी संसार चालतो, तो कोणा रचनाकाराने कागदावर काढलेला नाही. तेथे रिकाम्या खिशाने हिंडणाऱ्यासही कोणी हटकत नाही. कापडबाजारात मराठी बोलणे ऐकून अनोळखी माणूस थांबतो आणि ‘तुम्ही मूळचे कुठले?’ असे विचारतो. आपली भाषा घराबाहेर जी काही टिकली, ती अशा थांबण्यामुळे. मॉलमध्ये सरकत्या जिन्यावर कोण कोणास थांबवून विचारणार?

आम्ही सरकारी शाळेत शिकवितो. आमची काही मुले मॉलच्या काचेच्या दारापाशी घोटाळताना आम्ही पाहिली आहेत. त्यांस आत जाण्याची मनाई नाही, रखवालदारही वाईट बोलत नाही. परंतु आपल्या पायांतील चपलांकडे पाहून ती आपली आपणच परत फिरतात. राजवाड्यासमोर हीच मुले मालकासारखी वावरतात. आमच्या मते बाजार आणि चौक यांतील भेद या एका गोष्टीत आहे.

साउथडेल आजही उभा आहे. घरबसल्या खरेदी करण्याच्या या काळात मोठमोठी दुकाने तेथून गेली. एका जुन्या भव्य दुकानाच्या जागी २०१९ साली व्यायामशाळा आली, आणि मोटारींच्या मैदानाच्या कडेला आता राहती घरे उठली आहेत. नफ्याच्या दिवसांत जे सुचले नाही ते तोट्याच्या दिवसांत सुचू लागले आहे. आपल्या शहरांतूनही नवे मॉल बांधले जातील, ते बांधले जाऊ नयेत असे आम्ही म्हणत नाही. मात्र नकाशा मंजूर करणारांनी एवढे पाहावे, की काही विकत न घेता घटकाभर बसता येईल असा एक बाक, एक झाड आणि पायी येणारासाठी सरळ वाट त्यात आहे. आणि घरच्या तरुणांनी पाहुण्यास मॉल जरूर दाखवावा. संध्याकाळी मात्र त्यास आमच्या हवाली करावे.