आईबरोबर तुळशीबागेत

लक्ष्मी रस्त्यावर माझे एक ठरलेले काम असे. तुळशीबागेच्या तोंडाशी एका दुकानाच्या पायरीखाली, मंडईतून आणलेली भाजीची पिशवी दोन पायांत धरून, रस्त्याकडे तोंड करून उभे राहायचे. ‘‘इथंच थांब, आत येऊ नकोस,’’ असे बजावून आई दुकानात शिरे. बाहेर येई तेव्हा तिच्या हातात वर्तमानपत्राच्या कागदात गुंडाळलेले, दोऱ्याने बांधलेले लहानसे पुडके असे आणि ते तत्काळ मेथीच्या जुडीखाली जाई. आत काय मिळते हे विचारायचे नाही, एवढे मला आठव्या वर्षीच न सांगता कळले होते. ही गोष्ट १९७७च्या सुमाराची.

आम्ही तेव्हा सदाशिव पेठेत, वाड्यातल्या दोन खोल्यांत राहत होतो. उभ्या उभ्या मी रस्ता पाहत असे. सराफांच्या पेढ्यांतले आरसे, साड्यांच्या दुकानांतल्या पांढऱ्याशुभ्र गाद्या, त्यांवर लाटेसारखी उलगडत जाणारी साडी, सायकलींच्या घंटा. आणि दुपारी एकच्या ठोक्याला खाली येणारी दुकानांची फळकुटे, ज्यांवरचे विनोद पुणेकर अजून पुरवून वापरतात. तुळशीबागेच्या गल्लीत पितळी भातुकली, कुंकवाचे करंडे, देवपूजेची उपकरणी. दुकानाबाहेर उभे राहण्याचा मोबदला म्हणून मला कधी पितळेचा इवलासा बंब, कधी झारा मिळे. मुलगा असून माझी भातुकली पूर्ण होती, ती अशी.

त्या दुकानात आत काय चालत असे, ते मला आईने पंचेचाळीस वर्षांनी सांगितले. गल्ल्यावर पुरुष, माल दाखवणारेही पुरुष. बाईने मान खाली घालून ‘बॉडी दाखवा’ म्हणायचे. ‘ब्रेसियर’ हा शब्दही तेव्हा धीट वाटे. विक्रेता एका नजरेत अंदाज घेऊन खोका काढी. मोजण्याचा प्रश्न नव्हता, घालून पाहण्याचा तर नव्हताच. आईला त्याने पहिल्या वेळी अडतीस नंबर दिला आणि तोच नंबर ती पुढे जन्मभर मागत राहिली. दोन बाळंतपणे झाली, वजन वाढले, उतरले, पाठीला बाक आला, नंबर तोच. तिच्या खांद्यांवर पट्ट्यांच्या दोन खोल वळ्या होत्या. त्या मी लहानपणापासून पाहत आलो होतो. वैद्यकीचे शिक्षण घेतल्यावरही त्या वळ्यांचा अर्थ मी लावला नाही.

तीन वर्षांपूर्वी, वयाच्या अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी, आईच्या डाव्या स्तनात गाठ निघाली. शस्त्रक्रिया झाली, स्तन काढावा लागला, पुढे किरणोपचार झाले. उपचार उत्तम झाले. जखम, टाके, औषधे, पुढील तपासण्या, सारे मी जातीने पाहिले. मात्र उरलेल्या शरीरावर आता काय घालायचे, हे तिला रुग्णालयात कोणी सांगितले नाही. आणि घरात एक डॉक्टर असूनही त्याने विचारले नाही. आई दोन्ही खांद्यांवरून पदर घेऊ लागली. हास्यक्लब सुटला, मग गुरुवारचे भजन सुटले. मी त्याला अशक्तपणा म्हणत राहिलो, रक्त तपासले, लोहाच्या गोळ्या दिल्या.

उलगडा झाला तो दोरीवर. आमच्याकडे, आणि बहुधा तुमच्याकडेही, स्त्रियांची अंतर्वस्त्रे टॉवेलखाली झाकून वाळवतात. पावसाळ्यात एकदा पत्नीने टॉवेल काढला, तर खाली आईची जुनी बॉडी, तिला आतून सेफ्टी पिनेने अडकवलेली पांढऱ्या मांजरपाटाची पुरचुंडी. पुरचुंडीत मोहरी होती. नुसता कापूस वर सरकतो, वजन हवे, म्हणून आईने स्वतःच काढलेली युक्ती. अर्धवट ओलीच ती पुन्हा घातली जाई. किरणोपचारांनी नाजूक झालेली कातडी त्याखाली सोलवटली होती, उजव्या स्तनाखालच्या घडीत बुरशीचा लाल चट्टा होता. ‘‘तुला काय सांगायचं असलं?’’ आई म्हणाली. एवढेच.

कातडी बरी होण्यास महिना लागला. त्यानंतर, शल्यविशारदांची संमती घेऊन, एका मंगळवारी सकाळी आम्ही दोघे निघालो. कोथरूडहून मेट्रोने जिल्हा न्यायालय, तेथे गाडी बदलून मंडई. २०२४ साली हे भुयारी स्थानक सुरू झाल्यापासून, सम-विषम तारखांच्या पार्किंगला कंटाळून शहरात जाणे सोडलेली वृद्ध मंडळी पुन्हा पेठांत दिसू लागली आहेत. उद्वाहनातून वर आलो, समोर मंडईची अष्टकोनी इमारत. १८८६ साली ती ‘रे मार्केट’ म्हणून उघडली, पुढे महात्मा फुले मंडई झाली. आईने थांबून शिखराकडे पाहिले आणि नंतर भाजीचे भाव विचारले, घ्यायचे काही नसताना. वृद्ध व्यक्तीला घेऊन जायचे असेल तर अकराच्या आत जावे. श्रावणापासून दिवाळीपर्यंत आणि रविवारी तर या गल्ल्यांत जाऊच नये.

आईला तिच्या जुन्याच दुकानात जायचे होते. तेथे आता काच होती, दिवे होते, पुतळे होते. विक्रेत्या तरुणाला मी हलक्या आवाजात प्रयोजन सांगितले. तो गोंधळला, ‘‘तसलं काही ठेवत नाही,’’ म्हणाला आणि दुसऱ्या गिऱ्हाइकाकडे वळला. त्याचा दोष फारसा नाही. परंतु ‘तसलं’ हा शब्द ऐकून आईने पदर पुन्हा दोन्ही खांद्यांवर ओढला. ‘‘चल घरी,’’ म्हणाली. मी तिला एका उपाहारगृहात बसवून कॉफी पाजली आणि पत्नीला दूरध्वनी केला. तिने मैत्रिणींकडून दुसऱ्या दुकानाचा पत्ता काढला. आधी चौकशी करून निघायला हवे होते, हे उघड आहे.

ते दुकान पहिल्या मजल्यावर, जेमतेम दहा पायऱ्या चढून. आत केवळ स्त्रिया. गळ्यात मोजपट्टी घातलेली एक पन्नाशीची बाई पुढे आली. ‘‘आजी, किती दिवस झाले ऑपरेशनला?’’ असे तिने दाराशीच, अगदी दवाखान्यात विचारावे तसे विचारले आणि मला म्हणाली, ‘‘सर, तुम्ही बाहेर बसा.’’

मी बाहेर बसलो. पिशवी दोन पायांत होती.

पडद्याआडून ऐकू येत होते ते मी लक्षपूर्वक ऐकले, कारण हे मला कोणत्याही पुस्तकात शिकवलेले नव्हते. स्तनाखालून घेर मोजायचा, मग पूर्ण उभारावरून. या दोन मापांतील फरकावरून कपाचा आकार ठरतो. वजन मुख्यतः खालच्या पट्ट्याने पेलायचे, खांद्यांनी नव्हे. पट्ट्याखाली दोन बोटे सहज जावीत. खांद्यावर वळ्या पडत असतील तर खालचा पट्टा सैल आहे असे बहुधा समजावे. काखेतील गाठी काढलेल्या असतील तर त्या बाजूचा हात सुजण्याची शक्यता पुढेही राहते; म्हणून तेथे रुतणारी अरुंद पट्टी नको, रुंद व मऊ हवी. कृत्रिम स्तनासाठी कपाच्या आत सुती खिसा शिवलेला असतो, त्यामुळे तो घसरत नाही. जखम पूर्ण भरेपर्यंत कापसाचा किंवा सुती दोऱ्याने विणलेला हलका स्तन वापरतात. सिलिकोनचा नंतर, डॉक्टरांना विचारून. सिलिकोनला वजन असते आणि ते असणे हाच त्याचा उपयोग आहे. भरल्या बांध्याच्या स्त्रीचे एका बाजूचे वजन गेले की मान आणि खांदा नकळत ते सावरत राहतात. किंमत मात्र काही हजारांत जाते. आईला विणलेलाही दाखवला होता. तिने दोन्ही हातांत धरून पाहिले आणि सिलिकोनचा घेतला. ‘‘मोहरीपेक्षा बरा आहे,’’ असे आतून ऐकू आले, आणि पाठोपाठ दोघींचे हसू.

आईचे खरे माप छत्तीस निघाले. कप वेगळा.

त्या बाईने मला आणखी एक गोष्ट दाखवली: पुढून उघडणारे, मोठ्या हुकांचे किंवा चिकटपट्टीचे प्रकार. खांदा आखडलेल्या, संधिवाताने बोटे वाकलेल्या, पक्षाघात झालेल्या स्त्रियांना पाठीमागे हात नेऊन हूक लावणे जमत नाही; मग घरची माणसे ‘आता या वयात काय करायचंय’ म्हणून अंतर्वस्त्र बंदच करून टाकतात. हा निर्णय त्या स्त्रीला न विचारता होतो, हे मी माझ्या रुग्णांच्या घरी अनेकदा पाहिले आहे. कोणाला मोकळे राहणेच आवडेल, तेही ठीक, पण विचारावे. कपडे घालताना दुर्बळ हात आधी आणि काढताना शेवटी, एवढे लक्षात ठेवले तर ओढाताण होत नाही. स्नानानंतर स्तनाखालची घडी टिपून कोरडी करावी, विशेषतः मधुमेह असेल तर. त्याच वेळी गाठ, खळगा, कातडीवरचा बदल किंवा स्तनाग्रातून स्राव दिसला तर लाजेखातर दडवू नये. आणि वाळत घालताना तो टॉवेल, कृपा करून, काढावा. ऊन लागू द्यावे.

परत निघताना आई तुळशीबागेतील राममंदिरात थांबली. पेशवाईत नारो आप्पाजी खिरे, म्हणजे तुळशीबागवाले, यांनी हे मंदिर उभारले. बाहेर पिना, टिकल्या आणि आरडाओरडा. आत दोन पावलांवर कबुतरे आणि शांतता. आई कठड्यावर बसली. पदर एकाच खांद्यावर होता. थोड्या वेळाने तिने प्लास्टिकची पिशवी माझ्याकडून मागून घेतली, बिल तपासले आणि ‘‘दोन घ्यायला हव्या होत्या, एक धुवायला टाकली की दुसरी नको का?’’ म्हणाली. आम्ही पुन्हा दहा पायऱ्या चढलो.

पुढच्या आठवड्यात तिने हास्यक्लब सुरू केला. तेथे तिला तिघींनी दुकानाचा पत्ता विचारला. दोघींना माप बदलायचे होते. तिसरी नंतर एकटीच घरापर्यंत चालत आली आणि जिन्यात थांबून आईशी बराच वेळ बोलली. गुरुवारी आई तिला घेऊन माझ्या दवाखान्यात आली. उजव्या बाजूला, काखेजवळ, सुपारीएवढी गाठ होती; चैत्रापासून आहे म्हणाल्या. मी मॅमोग्राफीची चिठ्ठी लिहीत असताना आईने मला सांगितले, ‘‘तू जरा बाहेर थांब,’’ आणि पडदा ओढून घेतला.